आतून लावलेली कडी

मलकापूरला उतरले तेव्हा दुपार टळायची होती, पण उजेड दिवेलागणीचा वाटत होता. डिसेंबर संपत आला होता आणि दोन दिवसांपासून आभाळ भरून आलेलं होतं. पाऊस पडत नव्हता, ऊनही पडत नव्हतं. स्टेशनबाहेर कचोरीच्या गाडीवर एक माणूस तळणीवर हात शेकत उभा होता. त्याच्याकडून दोन कचोऱ्या घेतल्या. हिरव्या मिरचीसोबत त्या उभ्याउभ्याच खाल्ल्या आणि मोताळ्याची एसटी पकडली.

कशासाठी निघाले होते ते आधी सांगते. मी नाशिकच्या एका महाविद्यालयात इंग्रजी शिकवते. माझा अभ्यासाचा विषय ऐकला की लोक आधी हसतात आणि मग त्यांना माझी कीव येते. मध्ययुगातली इंग्रजी कविता आणि त्या काळचं गूढ ईश्वरानुभवांचं लेखन, असा तो विषय आहे. त्यातही गेली बरीच वर्षं मी एकाच गोष्टीपाशी थांबले आहे. सहा-सातशे वर्षांपूर्वी इंग्लंडमध्ये काही बायका चर्चच्या भिंतीला लागून असलेल्या लहानशा खोलीत स्वतःला जन्मभरासाठी कोंडून घेत. आत जाताना पाद्री त्यांच्यावर मेलेल्या माणसासाठीच्या प्रार्थना म्हणे आणि मग दार बंद होई. एक खिडकी चर्चच्या आत उघडे आणि दुसरी रस्त्याच्या बाजूला. त्या दुसऱ्या खिडकीशी लोक आपली दुःखं घेऊन येत. अशा बायकांसाठी कोणी नियम लिहिले, कोणी कविता लिहिल्या. काहींना आत काय दिसलं, काय ऐकू आलं, तेही लिहिलं गेलं, बहुतेक वेळा कुणा पुरुषाच्या हातून. या मजकुरांवर मी एक पुस्तक लिहिते आहे. एकदा तिकडे जाऊन तशी जागाही पाहून आले. भिंतीत दगडांनी बुजवलेली एक खिडकी, बाकी काही उरलं नव्हतं. शेजारी कोणीतरी यंत्राने गवत कापत होता.

साधना इंगळे कधीकाळी माझ्या विद्यार्थिनी होत्या. आता त्या मोताळ्याला राहतात आणि जवळच्या एका कॉलेजात तासिकांवर इंग्रजी शिकवतात. एका चर्चासत्रात जेवणाच्या रांगेत त्या मला म्हणाल्या, "मॅडम, तुमची ती खोलीतली बाई आमच्याकडं आहे. जिवंत आहे."

रोहिणखेडच्या पुढे डोंगराच्या बाजूला एक लहान गाव आहे. तिथे देवीच्या देवळाला लागून एका खोलीत एक बाई पंधराएक वर्षांपासून राहते आहे. बाहेर येत नाही. खिडकीतून ताट आत जातं, लोक खिडकीतून पाया पडतात. ऐकलं आणि मला दुसरं काही सुचेना. हिवाळ्याच्या सुट्टीची वाट पाहिली आणि निघाले.

मलकापूर ते मोताळा रस्त्याच्या दोन्ही बाजूंना काळी जमीन होती. पऱ्हाटी (कपाशीची उभी झाडं) वेचून झालेली, सुकत चाललेली. मधेच हरभऱ्याचं हिरवं वावर (शेत) दिसे आणि लगेच मागे पडे. साधनाताईंनी रात्री कळण्याची भाकरी (ज्वारी आणि उडीद एकत्र दळून केलेली) आणि वांग्याचं भरीत केलं होतं. जेवताना त्या आपल्या वर्गाबद्दल सांगत होत्या. इंग्रजी साहित्य घेणारे यंदा चौघंच होते. पुढच्या वर्षी विषय राहील की नाही, सांगता येत नव्हतं.

"सहाशे वर्षांपूर्वीची कविता शिकवायला लागलं की पोरं विचारतात, याचं काय करायचं मॅडम?" त्या म्हणाल्या. "मी म्हणते, मलेबी माहीत नाही, पण वाचा."

त्या हसल्या. मी पण हसले, पण नीट नाही.

सकाळी आम्ही दोघी रोहिणखेडला उतरलो. पुढची गाडी मिळायला वेळ होता, म्हणून जुनी मशीद पाहायला गेलो. काळ्या दगडाची, भक्कम. कमानींवरची नक्षी अजून बोटाने वाचता येईल इतकी ठसठशीत आहे. त्या ढगाळ उजेडात दगड ओला असल्यासारखा वाटत होता. पायरीवर एक म्हातारे गृहस्थ शाल गुंडाळून बसले होते.

"फोटो काहाडाचे का?" त्यांनी विचारलं. "काहाडा, बेशक काहाडा. पन मांगून काहाडा. पुढं वायर लटकून राह्यली, ते खराब दिसते."

आम्ही कुठे निघालोय ते साधनाताईंनी सांगितलं तसे ते सावरून बसले.

"खोलीवाल्या मायकडं? जा, जा. माह्या पोरीचं जमत नव्हतं कुठी. गेलतो म्या खिडकीपाशी. माय म्हने, होईन. झालं. आमचा मजहब वेगळा, पन जिथं दिल लागला तथी लागला."

पुढे काळीपिवळीत (वडाप जीप) कोंबून बसलो. गावाच्या अलीकडे ओढ्याच्या उतारावर चाक पंक्चर झालं आणि ड्रायव्हरजवळचं जादा चाकही बसकं निघालं. मग सगळेच उतरून पायी निघाले. माझ्या पुढे एक बाई डोक्यावर नारळांची पिशवी घेऊन चालली होती. तीही तिकडेच निघाली होती. डोंगर अगदी जवळ होते, पण ढग इतके खाली आले होते की त्यांचे माथे दिसत नव्हते.

गावाचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही.

देऊळ साधंच होतं, नव्याने फरशी बसवलेलं. त्याच्या डाव्या अंगाला ती खोली. पूर्वी उत्सवाची भांडी, सतरंज्या ठेवायची जागा असावी. लाकडी दार, त्याच्यावर कुणीतरी काढलेली कुंकवाची स्वस्तिकं. दाराशेजारी गजांची खिडकी आणि खिडकीला आतून हिरव्या कापडाचा पडदा. खिडकीखाली फरशीवर नारळ, हार, उदबत्त्यांची राख. समोर सात-आठ माणसं बसलेली. कुणी काही बोलत नव्हतं. मी खूप वर्षं जे चित्र मनाशी रंगवत आले होते ते असं समोर आल्यावर मला आनंद व्हायला हवा होता. पण पहिल्यांदा जाणवली ती थंडी. त्या भिंतीला ऊन लागतच नसावं.

खोलीतल्या बाईंचं नाव वत्सला. गाव त्यांना माय म्हणतं. त्यांचे धाकटे भाऊ भास्करराव गावातले मोठे शेतकरी, देवळाचं सगळं तेच पाहतात. त्यांनी आमचं चांगलं स्वागत केलं. परदेशातल्या अशा बायकांवर मी पुस्तक लिहिते आहे हे ऐकून ते खूश झाले.

"म्हंजे अक्काचं नाव इंग्रजी पुस्तकात येईन?"

"त्यांची परवानगी असेल तर," मी म्हणाले.

"परवानगी काय, म्या सांगतो नं."

त्यांच्या पत्नी सुमनवहिनी मला खिडकीशी घेऊन गेल्या. पन्नाशीच्या, बारीक अंगाच्या, फारसं न बोलणाऱ्या. साधनाताईंना कॉलेजचं काम होतं, त्या संध्याकाळच्या गाडीने परतणार होत्या. मी भास्कररावांकडे राहणार होते.

"अक्का," वहिनींनी पडद्याशी तोंड नेऊन हाक मारली, "नाशिकच्या मॅडम आल्या. पाया पडाले नाई, बोलाले."

"बोलाले?" आतून आवाज आला. मला वाटलं होतं त्याहून तो फार साधा होता, दुपारच्या वेळी शेजारच्या घरातून ऐकू यावा तसा. "बोला नं मंग. बसा. खाली गोनपाट टाक व सुमन, फरशी गार हाये."

मी बोलणं रेकॉर्ड करू का, असं विचारलं. नको म्हणाल्या. लोक ऐकतील.

मी माझे प्रश्न ठरवून नेले होते. आत गेल्यावर पहिल्या दिवसांत काय वाटलं, काही दिसलं का, काही ऐकू आलं का. त्यांनी आधी मलाच विचारलं, "त्या तिकडल्या बाया काऊन बसत खोलीत?"

मी माझ्या परीने सांगितलं. खोली, दोन खिडक्या, मेल्यासारख्या प्रार्थना. त्या ऐकत होत्या. मधेच "व माय" असं म्हणत होत्या. मग म्हणाल्या, "आन् एखादीले वाटलं, आता पुरं झालं, तं?"

"बाहेर यायची परवानगी नसे."

"कोनीच नाई आली?"

"काही आल्या असतील. त्यांच्याबद्दल फारसं कोणी लिहून ठेवलेलं नाही."

पडदा जरा हलला, पण त्यांचा चेहरा दिसला नाही. त्यांनी सांगितलं ते असं. लग्न करून त्या वरवट बकालकडे गेल्या होत्या. एकच मुलगी झाली. ती आठवीत असताना तापाने गेली आणि नवऱ्याने दुसरं घर केलं. त्या माहेरी परतल्या. घर भरलेलं होतं, कामं होती, माणसं होती.

"सारे मले हाका मारत. अक्का, चहा घे. अक्का, जेव. अक्का, रडू नोको. हाक आली का मले वाटे पोट्टीच बोलावून राह्यली. एक डाव देवळात सतरंज्या ठेवाले आली या खोलीत. दार लोटलं तं आवाजच बंद. कोनी हाक मारे नाई. इतकं बरं वाटलं मॅडम, का मी बसूनच राह्यली."

"देवीचं काही..."

"देवी बाजूले हाये. मी तिले काई त्रास नाई देला, तिनं मले नाई देला."

पहिले काही महिने घरच्यांनी विनवण्या केल्या. मग कुणीतरी नारळ ठेवला. मग दुसऱ्याने. एका बाईला नातू झाला आणि ती गावभर सांगत सुटली. "आता दिवसभर खिडकीत हाका," त्या म्हणाल्या आणि हसल्यासारखा आवाज झाला. "माय, माय, माय."

त्या दिवशी मी वहीत बरंच लिहिलं. पण मन त्या लिहिण्यात नव्हतं. खिडकीशी उदबत्तीच्या वासाखाली दुसरा एक वास होता आणि तो मी ओळखत होते. माझी आई गेली त्या वर्षी आमच्या घरात तो वास होता. मी स्वतःला समजावत राहिले की बंद खोली आहे, ओल आहे, जुनी सतरंजी असेल.

सकाळी जाग आली तेव्हा सुमनवहिनी मागच्या अंगणात दगडावर काहीतरी धूत होत्या. मी चूळ भरायला तिकडे गेले. त्यांनी पटकन बादली पदराआड ओढली, पण मी पाहिलं होतं. जुन्या लुगड्याच्या पट्ट्या. पाणी तांबूस, पिवळट झालेलं.

"वहिनी, त्यांना छातीत काही झालंय का?"

त्या दगडावर तशाच बसून राहिल्या. मग हळूच म्हणाल्या, "तुमाले कसं समजलं?"

"माझ्या आईला झालं होतं."

"गोटा हाये. मांगच्या दिवाईच्या आंधीपासून. आता फुटला." त्यांनी कपडा पिळला. "मले शपथ घातली देवीची. म्हने, भास्करले सांगशीन तं जेवनार नाई. सकाळी कोनी उठाच्या आत मी जातो, ती दार उघडते, मी पट्ट्या बदलतो, येतो. लेकुरवाळ्या बाया खिडकीत डोकं टेकवून जातात, तेवढा वेळ ती दात खाऊन बसते. मले काई सुचत नाई मॅडम."

मी खिडकीशी गेले. अजून कोणी आलं नव्हतं. दव पडून फरशी ओली झाली होती.

"अक्का," मी म्हणाले. कालपर्यंत काय म्हणावं ते मला ठरवता येत नव्हतं. "डॉक्टरांना दाखवायला हवं."

आत सतरंजी सरकल्याचा आवाज आला.

"सुमननं सांगतलं?"

"नाही. मला वास आला."

 मग अगदी लहान आवाजात त्यांनी विचारलं, "लोकाईलेबी येते का?"

मला खोटं बोलता आलं असतं. "अजून नाही," मी म्हणाले. "येईल."

"डॉक्टर अथी नाई येऊ शकत?"

"इथं त्यांना काही करता येणार नाही. बुलढाण्याला जाऊ. मी येते सोबत."

"दाराले बाहेरून कुलूप नाई, मॅडम," त्या म्हणाल्या. "कोनं मले कोंडलं नाई. कडी आतून हाये. सुमनसाठी रोज काहाडतो मी. पन ती येते म्हनून. मले बाहेर जाचं म्हनून काहाडाले गेली का हात थरथरते. आन् ते लोकं येऊन बसतात समोर. त्याहिच्या देखत कशी निघू? माय निंगाली म्हनतीन."

त्या इंग्रज बायकांसाठी लिहिलेल्या नियमांमध्ये अशा हाताबद्दल काय म्हटलं आहे, ते मला पाठ आहे. तो मोह आहे, भय आहे, परीक्षा आहे, असं सगळं त्यात आहे. त्या थंड फरशीवर बसून मला त्यातलं एक वाक्यही आठवायची इच्छा झाली नाही.

दुपारी भास्कररावांनी माझ्यासाठी मुद्दाम रोडगे (निखाऱ्यात भाजलेले कणकेचे जाड गोळे) आणि वांग्याची भाजी करायला सांगितली होती. ओट्यावर पंगत बसली. पहिला घास घ्यायच्या आधीच मी बोलले. शपथ वहिनींची होती, माझी नव्हती, म्हणून मी ते माझ्या तोंडून सांगितलं.

त्यांचा चेहरा आधी काळवंडला आणि मग तापला.

"तुमी एक दिवस झाला नाई येऊन, मॅडम. आमी इतके वरसं तिले पाहून राह्यलो. तिले काई नाई होत. ती साधी बाई नाई. संताले कोनी दवाखान्यात नेते का?"

"त्या तुमच्या बहीण आहेत, भाऊ."

"मंग तिनं मले काऊन नाई सांगतलं? मले! मी रोज सकाळी पाया पडतो तिच्या."

"पायाच पडता," सुमनवहिनी म्हणाल्या.

त्या वाढत होत्या. हातात रोडग्यांची परात होती. ती त्यांनी खाली ठेवली. त्यांना तशा आवाजात बोलताना त्या घराने बहुधा पहिल्यांदाच ऐकलं असावं, कारण स्वयंपाकघरातली बाईसुद्धा दारात येऊन उभी राहिली.

"मी चिंध्या धूऊन राह्यली तिच्या. तुमी एक डाव तरी पडदा बाजूले केला का? पाह्यलं का ती कशी दिसते? लोकाईले पर्साद वाटता, तिले इचारलं का दुखते का म्हनून?"

 भास्करराव ताट तसंच सोडून उठले आणि देवळाकडे गेले. आम्ही दोघी मागोमाग गेलो. खिडकीसमोर पाच-सहा माणसं होती. त्यांना त्यांनी हाताने बाजूला केलं. खिडकीशी गुडघ्यावर बसले, गजातून हात घालून पडदा सरकवला आणि आत पाहत राहिले.

मला आत काय दिसत होतं ते माहीत नाही. मी त्यांच्या पाठीकडे पाहत होते. ती पाठ हळूहळू वाकत गेली.

"अक्का," ते म्हणाले, "चालतं का माह्यासंग?"

 त्यांनी पुन्हा विचारलं नाही. उठून दाराशी जाऊन उभे राहिले, बास. समोरच्या माणसांपैकी एकजण "काय झालं मायले?" असं म्हणाला. मग कडीचा आवाज आला. एकदा आला आणि थांबला. सुमनवहिनींनी माझं मनगट घट्ट धरलं होतं. पुन्हा आला. दार उघडलं.

वत्सलाबाई माझ्या कल्पनेपेक्षा पुष्कळच लहानखुऱ्या होत्या. कितीतरी वर्षं ऊन न लागलेली कातडी, कणकेसारखी. डावा हात छातीशी धरलेला. त्या काळोख्या, ढगाळ दुपारचा उजेडही त्यांना सोसत नव्हता, त्यांनी पदर डोळ्यांवर ओढून घेतला. समोरची माणसं फरशीवर डोकं टेकवायला वाकली आणि त्या मागे सरकल्या. भास्कररावांनी त्यांना खांद्याशी धरलं आणि जवळजवळ उचलूनच घरच्या जीपमध्ये बसवलं.

बुलढाण्याच्या वाटेवर राजूर घाटात वत्सलाबाईंना उलट्या झाल्या. गाडीत बसायची सवय गेली होती आणि वळणं संपत नव्हती. सुमनवहिनींच्या मांडीवर, स्वतःच्या साडीवर, माझ्या झोळीवर. त्या इतक्या शरमल्या की पुन्हापुन्हा "माफ करा मॅडम" म्हणत राहिल्या. एका वळणावर आम्ही थांबलो. पाणी दिलं. खाली सगळं खोरं धुक्यात बुडालं होतं, सागाची मोठी पानं गळून रस्त्यावर पडली होती. त्यांनी ओलं तोंड पुसत विचारलं, "हे सागच नं? मले वाटलं कापून टाकले असतीन." भास्करराव गाडीच्या पलीकडे उभे होते. ते दरीकडे तोंड करून रडत होते.

बुलढाणा उंचावर आहे, तिथे अधिकच गारठा होता. दवाखान्यात रांग होती. बाकावर शेजारी बसलेल्या एका बाईने त्यांना ओळखलं आणि चटकन पायांवर हात ठेवले. वत्सलाबाईंनी पाय बाकाखाली ओढून घेतले.

"मी आजारी हाये व माय," त्या तिला म्हणाल्या. "मले नोको पाया पडू आज."

तपासणारी डॉक्टर तरुण मुलगी होती. पट्टी सोडताना तिने एकदाही तोंड फिरवलं नाही, यासाठी मी तिची ऋणी आहे. सुमनवहिनी आणि मी आत होतो. तपासून झाल्यावर तिने पडदा ओढला, हात धुतले आणि आम्हा दोघींना बाजूला घेतलं. आधी आल्या असत्या तर, एवढं म्हणून ती थांबली. अकोल्याला नेता येईल, तपासण्या होतील, पण शरीरात पसरलं असावं असं तिला वाटत होतं. दुखणं कमी करायची औषधं ती देत होती.

पडद्यामागून वत्सलाबाईंनी सगळं ऐकलं होतं.

"अकोल्याले नाई," त्या म्हणाल्या. "सुमन, मले घरी ने. त्या खोलीत नोको. घरी. जथी टीव्ही हाये तथी खाट टाक माह्यी."

भास्कररावांना हे बाहेर सांगितलं तेव्हा ते म्हणाले, "खोलीत नाई? मंग लोकाईले काय सांगू?" आणि लगेच मान खाली घालून म्हणाले, "टाकतो खाट."

मी बुलढाण्याहूनच परत फिरले. जीपशी निरोप घेताना वत्सलाबाईंनी माझा हात हातात घेतला. त्यांचा हात मऊ होता, लहान बाळाच्या तळव्यासारखा. काही आशीर्वाद वगैरे त्या बोलल्या नाहीत. "तुमची झोळी खराब केली," एवढंच म्हणाल्या.

मलकापूरहून रात्रीची गाडी होती, पण त्या प्रवासातलं मला फारसं काही आठवत नाही. नाशिकला आल्यावर सुट्टी संपली, वर्ग सुरू झाले. माझ्या पुस्तकाचं चौथं प्रकरण बायकांच्या खिडक्यांबद्दलचं आहे. मी ते उघडून बसे आणि पुढे जाता येत नसे. ज्यांनी त्या बायकांचे शब्द लिहून घेतले, ते पुरुष खरे की खोटे, त्यांनी किती बदललं, यावर आमच्या क्षेत्रात खूप वाद झालेले आहेत. मी स्वतः त्यावर हिरिरीने व्याख्यानं दिली आहेत. त्यातल्या कुठल्याही लेखात कुणी असं विचारलेलं मी वाचलेलं नाही की त्या बाईला दुखत होतं का.

होळीच्या आधी सुमनवहिनींचा फोन आला. अक्का गेल्या. शेवटचे दिवस त्रासाचे गेले, पण औषधांनी झोप लागत होती. जागं असलं की खाटेवरून मालिका पाहायच्या आणि त्यातल्या सासूला शिव्या द्यायच्या. लोक घराच्या दाराशी यायचे तेव्हा भास्करराव त्यांना परत पाठवायचे.

"पन आता दगड बसवला देवळात," वहिनी म्हणाल्या. "संगमरवरी. मायनं याच खोलीत देह ठेवला असं लिवलं त्याच्यावर. म्या म्हटलं, हे खरं नाई. तं हे म्हनतात, लोकाईले हेच पाह्यजे. दारबी काढून टाकलं. आता कोनीबी आत जाऊन डोकं टेकवते."

मी विचारलं, "तुम्ही कशा आहात वहिनी?"

फोनवर थोडा वेळ नुसता घरातला आवाज येत राहिला. भांडी, कुणाचं तरी बोलणं, कुणीतरी त्यांना हाक मारत होतं. त्यांनी त्या हाकेला ओ दिली नाही.

"एक सांगू का मॅडम? कोनाले सांगतलं नाई. परवा दुपारी कोनी नव्हतं, तं मी झाडाले गेली खोलीत. झाडलं आन् बसली कोपऱ्यात. ती बसे तथीच. जरा वेळ म्हनून बसली." त्यांचा आवाज खाली आला. "इतकं बरं वाटलं मले. मंग भेव वाटलं, का इतकं बरं काऊन वाटून राह्यलं."



"वहिनी, इकडे या," मी म्हणाले. "चार दिवस. माझ्याकडे राहा."

"येईन नं," त्या म्हणाल्या. "एवढं वावरातलं काम आटपलं का येतो."

त्यानंतर मी दोनदा फोन केला. काम आटपलेलं नाही. पुढच्या आठवड्याचं मलकापूरचं तिकीट मीच काढलं आहे.